कंटिन्युइटीसाठी थांबवलेला ऊस

एकदा मी दीड एकर ऊस थांबवून ठेवला होता. लोक स्टँडवर एसटी थांबवतात, मामाची वाट बघत मंगलाष्टकं थांबवतात. मी उभा ऊस थांबवला. तोडायला आलेली टोळी परत पाठवली. कारण काय, तर माझ्या मालिकेतल्या एका भांडणाच्या मागे तो दिसत होता.

तेव्हा मी बावन्न वर्षांची होते, त्यामुळे तरुणपणाचा वेडेपणा म्हणून सोडून द्यायचीही सोय नाही. केस काळे करत होते, डोक्याला गॉगल लावून शेतात फिरत होते आणि दिग्दर्शिका आणि निर्माती अशा दोन्ही पाट्या एकाच बाईच्या नावापुढे लागल्यामुळे आपल्याला दुप्पट कळतं, अशा समजुतीत होते. आता शिरूरला राहते. केस पांढरे आहेत, गॉगल मोतीबिंदूच्या ऑपरेशननंतर मिळालेला आहे. धाकटी नात मधूनच विचारते, "आजी, तू इतक्या मालिका केल्यास, मग एकीतही दिसत का नाहीस?" तिला सांगते, मी दिसले नाही म्हणून बाकीचे दिसले. हे वाक्य मला फार आवडतं. तिला अजिबात आवडत नाही.

रोजच्या मालिकेचं काम म्हणजे खानावळ चालवण्यासारखं असतं. स्वयंपाकी आजारी असो, सिलेंडर संपलेला असो, संध्याकाळी ठरलेल्या वेळेला ताट पडलंच पाहिजे. म्हणून शहाणे लोक पुढचे आठ-दहा भाग आधीच तयार करून ठेवतात. त्याला आम्ही बँक म्हणतो. माझी बँक कायम रिकामी. आज केलेलं परवा लागायचं.

दुसरी गोष्ट कंटिन्युइटीची. प्रेक्षकाला जे एका दमात दिसतं, ते आम्ही तुकड्या-तुकड्यांनी करतो. सासू दारातून बाहेर पडते ती सोमवारी आणि अंगणात येते ती पुढच्या गुरुवारी, कारण मधल्या दिवसांत तिचं नाटक असतं. पण कपाळावरची टिकली, हातातल्या बांगड्या, तांब्यातलं पाणी, सगळं जिथल्या तिथं राहायला हवं. ते लिहून ठेवायला एक मुलगी असते, वही घेऊन. माझ्याकडची वहीवाली हुशार होती, पण एकदा चुकली. सासू नथ घालून दाराबाहेर पडली आणि अंगणात आली ती बिननथीची. सातारकडच्या एका प्रेक्षक बाईंनी चॅनेलला पत्र लिहिलं: तुमच्या उंबऱ्यावर चोर बसतो काय. चॅनेलच्या मीटिंगमध्ये ते पत्र मोठ्यानं वाचलं गेलं. सगळे हसले. मीही हसले आणि घरी येऊन चडफडत बसले. त्या दिवशी मी मनाशी ठरवलं की इथून पुढे माझ्या मालिकेत तांब्यातलं पाणीसुद्धा हलणार नाही.

या निश्चयानंतर तीन आठवड्यांनी आम्ही खुटबावला शूटिंगला गेलो.

खुटबाव दौंड तालुक्यात. चहूकडे ऊस. आम्हाला घर मिळालं ते आप्पांचं. आप्पा म्हणजे साठीचे, कमी बोलणारे शेतकरी. पुढे पडवी, मागे गोठा, आणि पडवीच्या समोरच ऊस. त्यांच्या बायकोला सगळं युनिट मामी म्हणायचं, म्हणून मीही मामीच म्हणू लागले. त्यांची चार वर्षांची नात, छकुली, दिवसभर आमच्या पायांत.

मामींचं माहेर केंदूर, म्हणजे शिरूर तालुका. मी घोडनदीची, म्हणजे शिरूर गावचीच, हे कळल्यावर त्यांनी मला हातच धरून आत नेलं. म्हणाल्या, त्यांच्या लहानपणी केंदूरला हंडाभर पाण्यासाठी कुठं कुठं जावं लागायचं, म्हणून वडिलांनी ठरवलं होतं, पोरगी द्यायची ती उसात. "मला नवरा न्हाई दावला," मामी म्हणाल्या, "पाट दावला. पानी व्हातं हुतं, म्हनलं चालंल."

आता खरं सांगायचं तर मी नावाचीच त्या भागातली. वडिलांचं शिरूरला कापडाचं दुकान. ऊस मला ठाऊक होता तो एसटी स्टँडजवळच्या रसवंतीपुरता, आलं-लिंबू घातलेला. पण मामींनी मला आपली मानलं आणि मी ते मानू दिलं. युनिटसमोर "आमच्या भागात असं असतं" म्हणून ठोकून द्यायला बरं पडायचं.

दिवाळी होऊन गेली होती. उसात आमचं भांडण सुरू झालं. मालिकेतलं, म्हणजे. नायिका नवऱ्याला सांगते की तुझ्या आईनं लपवलेलं सगळं मला कळलंय, आणि मग दोघं तीन भाग भांडतात. तीन भाग म्हणजे प्रेक्षकांचे तीन दिवस. गोष्टीत तो अर्धाच तास. अर्धं भांडण एका दिवसात झालं. सूर्य गेला. उरलेलं चार दिवसांनी करायचं ठरलं, कारण नायकाचे नाटकाचे प्रयोग होते. तिसऱ्या दिवशी नायिकेला डेंग्यू झाल्याचं कळलं. चौथ्या दिवशी आप्पांच्या उसाला तोड आली.

तोड म्हणजे काय, हे मला त्या दिवशी कळलं. कारखाना लावणीच्या तारखेप्रमाणे ज्याचा त्याचा नंबर लावतो. नंबर आला की टोळी येते, बैलगाड्या, कोयते, बायाबापड्या, लेकरंबाळं असा सगळा संसार घेऊन. सकाळी सुरू केलं की दोन दिवसांत रान मोकळं. नंबर हुकला की शेपटाला.

मी पडवीत उभी होते आणि टोळी बांधावर उतरत होती. माझ्या डोळ्यांपुढे फक्त नथीचं पत्र आलं. आमचा कॅमेरामन गजा शांत माणूस. तो म्हणाला, मॅडम, ऊस म्हणजे ऊस, शेजारच्या रानात उरलेलं करू, कोणाच्या बापाला कळणार नाही. मी त्याला सुनावलं की अर्ध्या भांडणात मागे वाकडी बाभळ दिसते आणि पाण्याच्या मोटारीची पत्र्याची खोली दिसते, ती शेजारच्या रानात कुठून आणणार. तो म्हणाला, मग ती दाखवू नका. इतकं साधं, सरळ, फुकटचं शहाणपण मला कोणी दिलं की मी तेव्हा फार रागवायची. मी म्हणाले, माझ्या मालिकेत ऊस बदलणार नाही.

आप्पांना विचारलं, चार दिवस थांबता येईल का. आप्पा म्हणाले, टोळी माघारी लावत नसतात. तेवढ्यात चूल सोडून मामी बाहेर आल्या. त्यांनी माझ्याकडे पाहिलं, मग नवऱ्याकडे.

"चार दिसानं काय हुतंय. माझ्या म्हायेरची बाई हाय. तिनं सबूद टाकलाय, मी बी टाकते."

आप्पा उठून बांधावर गेले आणि मुकादमाशी बोलले. टोळीतल्या बायका उतरलेली भांडी पुन्हा गाडीत चढवू लागल्या. मुकादमाची बायको, कपाळाला मोठं कुंकू लावलेली, कमरेवर पोर घेतलेली, तिनं लांबून पडवीकडे पाहिलं. मी तिला हात हलवून नमस्कार केला. एखाद्या उद्घाटनाला आल्यासारखा. तो हात आठवला की आजही मला तो खिशात घालावासा वाटतो.

चार दिवसांचे चोवीस झाले. डेंग्यू उतरला तर अशक्तपणा, अशक्तपणा गेला तर तिच्या आईचा हट्ट. तोवर आम्ही घरातले प्रसंग ताणले. सासूनं एका भागात नुसती डाळ निवडली. शेवटी नायिका आली. मी तिला घेऊन उसासमोर उभी राहिले आणि वर पाहिलं. उसाला तुरे आले होते. दीड एकरभर पांढरे, रेशमासारखे, वाऱ्यावर डुलणारे. दिसायला इतके देखणे की एरवी मी त्यांच्यावर गाणं टाकलं असतं. पण पहिल्या अर्ध्या भांडणात त्यातला एकही नव्हता.

मग मी जे केलं ते लिहिताना आमच्या घरच्यांनी हा अंक वाचू नये असं वाटतं. मी सगळ्या लाइटदादांना शिड्या आणि आकड्या देऊन कॅमेऱ्यात येणाऱ्या उसाचे तुरे मोडायला लावले. सकाळचे तीन तास सहा धट्टेकट्टे पुरुष उसाचे केस कापत होते. मी खालून ओरडत होते, डावीकडचा राहिला. आप्पा तंबाखू मळत बांधावर बसले होते. त्यांनी सावकाश विचारलं, "तुरा उपटून ऊस पुन्यांदा तरणा हुतोय व्हय?"

मी हसले. घरी जाऊन केसांना कलप लावताना ते वाक्य मला बरोबर जागी लागलं.

उरलेलं भांडण झालं. मी मोठ्यानं "ओके" म्हटलं, युनिटला जिलेबी मागवली आणि आप्पांना उदार मनानं म्हणाले, आता न्या तुमचा ऊस. आप्पांनी मला समजावून सांगितलं की ऊस आपण न्यायचा नसतो, तो नेला जातो. नंबर गेला होता. टोळी दुसऱ्या गावाला लागली होती. आणि तुरा आल्यावर ऊस आतून पोकळ होत जातो, रोज थोडा.

तरी मी घाबरले नव्हते. वजन घटेल त्याची भरपाई देईन म्हणाले, पुढे दिलीही, आणि तेवढ्यानं माझं मन स्वच्छ झालं. खरी भीती मला ठाऊकच नव्हती. ती गावातल्या प्रत्येकाला ठाऊक होती, म्हणून कोणी मला सांगितली नाही.

आमच्या भागात बिबटे उसात राहतात. आता राहतात ते डोंगरात नव्हेच, उसातच जन्मतात. रान तोडलं की ते पुढच्या रानात सरकतात, ते तोडलं की त्याच्या पुढच्या. संक्रांत होऊन गेली, आणि आजूबाजूची सगळी रानं मोकळी झाली. पडवीत उभं राहिलं की लांबवर नुसती मातीच माती, आणि मधोमध, घरापासून हाकेच्या अंतरावर, एकच हिरवं उभं. माझं. गावात त्याला शिरेलीचा, म्हणजे सिरियलचा, ऊस म्हणू लागले होते. भावकीतल्या बायका मामींना पाणवठ्यावर विचारायच्या, म्हायेरचा ऊस कवा तोडायचा गं.

एका सकाळी पाटाच्या ओल्या मातीत पंजे उमटलेले दिसले. दोन दिवसांनी गोठ्यावरचा कुत्रा नाहीसा झाला. मामी छकुलीला दुपारीसुद्धा कडी लावून आत ठेवू लागल्या. उसापुढून जायचं झालं तर तिला कडेवर घेऊन, मोठमोठ्यानं बोलत जायच्या. मोठ्यानं कशासाठी, हे मी विचारलं. "त्येला कळावं, माणूस चाललंय," त्या म्हणाल्या. आणि मी त्या पडवीत बसून, कोणत्या कोनातून ऊस छान दिसतो, ते गजाला सांगत असायची.

एका दुपारी, आम्ही लाइट लावत असताना, मामींची हाक आली. छकुलीला मारलेली हाक. एकदा, दोनदा. तिसरी हाक हाक राहिली नव्हती. कडी कोणीतरी काढली होती. आमच्यातल्याच कोणीतरी, वायर आत न्यायला.

सगळं युनिट धावत सुटलं. आप्पा काठी घेऊन उसाच्या तोंडाशी उभे राहिले, आणि पहिल्यांदाच मी त्यांना ओरडताना ऐकलं. गजा डबा वाजवत बांधावरून पळत होता. मी त्या उसाकडे पाहत उभी होते. वाकडी बाभळ होती, पत्र्याची खोली होती, काही म्हणजे काही बदललं नव्हतं. मी म्हटलं तस्संच सगळं जिथल्या तिथं होतं. फक्त पोरगी नव्हती.

तेवढ्यात मेकअपच्या गाडीतून कोणाचा तरी आवाज आला, इथं आहे, इथं आहे.

आरशासमोरच्या उंच खुर्चीवर छकुली बसली होती. ओठांपासून कानापर्यंत लिपस्टिक, डोळ्यांत काजळाची चिखलणी, आणि नाकाला सासूची दाबाची नथ. आम्ही सगळे दारात धापा टाकत उभे, आणि ही आरशात बघून आम्हालाच दटावते, "गप बसा, शॉट चाललाय."

मामी गाडीच्या पायरीवर बसल्या. बऱ्याच वेळानं उठल्या, आत गेल्या, नातीच्या नाकातली नथ हलक्या हातानं काढली आणि माझ्या तळहातावर ठेवली. पत्रांची मला सवय होती. ही तक्रार निराळी होती.

दुसऱ्या दिवशी मी शूटिंग रद्द केलं. बँकेत एक भाग होता. चॅनेलहून फोनवर फोन आले, मी फोन गाडीतच ठेवला आणि आप्पांबरोबर टोळीच्या मुक्कामावर गेले. मोकळ्या रानात उसाच्या पाल्याच्या झोपड्या, म्हणजे वाढ्याच्या कोप्या, मधे चुली. कारखान्याचा माणूस म्हणाला होता, टोळीची तयारी असेल तर चिठ्ठी देतो, पण परत लावलेली टोळी पुन्हा त्या बांधावर चढत नाही. मुकादमानं माझ्याकडे न पाहता बायकोकडे बोट केलं. तीच, मोठ्या कुंकवाची. भाकरी थापत होती.

मी म्हणाले, बाई, माझं चुकलं.

ती म्हणाली, "त्या दिसाला आमी गाड्या रिकाम्या न्हेल्या. लेकरं उपाशी. का थांबीवला हुता ऊस? कोन मेलं हुतं का घरात?"

खोटं बोलायला मला चांगलं येतं, माझा धंदाच तो. पण तिच्या त्या प्रश्नापुढे सुचलं नाही. मी सांगितलं, कोणी मेलं नव्हतं. टीव्हीवरच्या नवराबायकोचं अर्धं भांडण राहिलं होतं.

तिचा थापता हात थांबला. तिनं विचारलं, भांडणासाठी? मी म्हटलं, हो. खोटं भांडण? हो. त्याच्या मागं ऊस पायजे हुता? हो. तोच? तोच. ती हसायला लागली. पदर तोंडाला लावून, मग पदर सोडून. तिनं शेजारच्या कोपीतल्या बाईला हाक मारून सांगितलं, तिनं पलीकडच्या. बघता बघता सगळी टोळी हसत होती. बीडकडच्या कुठल्या कुठल्या गावांतून कोयते घेऊन आलेल्या त्या बायका डोळे पुसत होत्या. मी जन्मात इतका विनोदी प्रसंग दिग्दर्शित केला नाही. आप्पासुद्धा दुसरीकडे तोंड करून खांदे हलवत होते.

"या दोन दिसानं," ती म्हणाली, "पन फोटु काढायचा न्हाई."

टोळी आली. मी कॅमेरे पेटीत बंद करून ठेवले आणि पडवीत मामींशेजारी बसले. कडेनं तोडत तोडत मधोमध आले तेव्हा एक बाई किंचाळली आणि सगळे कोयते थांबले. पाचटात, वाळलेल्या पाल्याच्या थरात, दोन पिल्लं होती, मांजराएवढी, नुकते डोळे उघडलेली. वनखात्याची माणसं आली. त्यांनी पिल्लं एका क्रेटमध्ये तिथंच ठेवली आणि सगळ्यांना घरात जायला सांगितलं. आई येते, म्हणाले, आपण मधे नसलो की येते. सकाळी क्रेट रिकामं होतं. मोठे पंजे पाटाकडून लांब गेले होते, घराच्या उलट दिशेला.

दुपारपर्यंत रान मोकळं झालं. पडवीतून पार सडकेपर्यंत दिसू लागलं. मामींनी दाराची कडी काढली, छकुलीला अंगणात सोडलं, आणि ती कोंबड्यांमागे पळू लागली. मामी आत गेल्या आणि भांड्यांचा आवाज सुरू झाला. मला वाटतं, कित्येक आठवड्यांत मी त्या दिवशी पहिला श्वास घेतला. त्या संध्याकाळी बँक रिकामी होती. चॅनेलनं "आतापर्यंत काय घडलं" असं म्हणून जुनेच तुकडे जोडून दाखवले. मला वाटायचं असं झालं तर आभाळ कोसळतं. एका माणसानंसुद्धा विचारलं नाही.

आणि ते भांडण? ते मधल्या काळात दाखवून झालं होतं, लागोपाठ तीन दिवस. मी सातारच्या पत्राची वाट बघत होते. ते आलं नाही. कोणाचंच आलं नाही. इतकं सगळं झालं तरी मनातल्या मनात मी एवढं नक्की धरून होते की कंटिन्युइटी तेवढी मी राखली.

मालिका पुढे चार महिन्यांनी संपली. मी साडी घेऊन मामींकडे गेले. समोरच्या रानात तोडलेल्या बुडख्यांतून नवा ऊस फुटला होता, खोडवा म्हणतात त्याला, कमरेएवढा झाला होता. मामी पडवीत शेंगा फोडत होत्या. मी गाडीत पाठ केलेलं सगळं बोलले, तुमच्या शब्दाचा मान मी ठेवला नाही, तुमच्या नातीच्या जिवाशी खेळले, आणि अर्ध्यातच मला रडू आलं. मामींनी मला रडू दिलं. मूठभर शेंगदाणे माझ्या हातात ठेवले. मग म्हणाल्या:

"ताई, ऊस गेला, पोरगी हाय, ती वाघीन बी आपली लेकरं घिऊन गेली. आता रडू नगा. मला येवढंच सांगा, त्या दोघांचं भांडान सुरू झालं तवा उसाला तुरा न्हवता, आन् मिटलं तवा पार त्या बाभळीमागं तुरं डुलत हुतं. येवढं लांबडं भांडान तर मी आन् ह्यांनी चाळीस वर्सांत केलं न्हाई."